पत्र्याखाली खोसलेलं कार्ड

मी पोस्टकार्ड बोलतोय, पाच नव्या पैशांचं. भाडेचिठ्ठीसारखा स्टॅम्पाचा कागद नाही, आणि खरं सांगू का, तेच माझं दुखणं आहे.

एकोणीसशे एकोणसाठ साली जळगाव जामोदच्या रंगरावांनी मला लिहिलं आणि नांदुऱ्याला धाडलं. तिथं स्टेशनच्या रस्त्यावर त्यांची भाड्याने दिलेली एक खोली होती. पुढं निवृत्ती शिंप्याचं दुकान, मागं त्याचा संसार. निवृत्तीला मेहुण्याचं, पुंजाजीचं, मशीन दुकानात बसवायचं होतं. रंगरावांनी लिहिलं, ‘पुंजाजीला अर्धं दुकान देण्यास माझी हरकत नाही.’ आणि त्याच्याच खाली, ‘आमच्या मातोश्री सोमवारी पहाटे वारल्या. शेवटपर्यंत शुद्धीवर होत्या.’

त्या खालच्या ओळींनी माझा घात केला. मयताची बातमी आणणारं कार्ड आमच्या भागात घरात ठेवत नाहीत. वाचलं की फाडतात. निवृत्तीने बायकोला, रुखमाबाईला, फाडायला सांगितलं. तिला वाचता येत नव्हतं, पण मालकाच्या हातचं म्हणून तिला फाडवेना. तिने मला बाहेर वळचणीच्या पत्र्याखाली खोसलं.

आणि त्या खोलीची ती भाडेचिठ्ठी! ती मात्र पेटीत, लुगड्याच्या घडीत, डांबरगोळ्यांच्या वासात. दिवाळीला पेटी उघडली की तिलाही हळदकुंकू लागायचं. मी उन्हात तापायचो, खिळ्याचा गंज अंगावर घ्यायचो आणि फटीतून ते बघून जळायचो. एवढं काय होतं हो तिच्यात? नुसत्या अटी.

पाच वर्षांनी रंगरावांना ती खोली दुसऱ्याला द्यावीशी वाटली. त्यांनी दावा लावला: निवृत्तीने लेखी परवानगीशिवाय पुंजाजीला पोटभाडेकरू म्हणून ठेवलं, खोली खाली करून द्यावी. भाडेचिठ्ठी ऐटीत कोर्टात गेली. तिला निशाणी क्रमांक मिळाला, शिक्का मिळाला. रंगरावांनी मात्र शपथेवर सांगितलं, परवानगीचं आपण काही लिहून दिलंच नाही.

त्या संध्याकाळी निवृत्ती डोक्याला हात लावून बसला.

“लिवलं व्हतं त्यानं. पण फाडलं ना आपन.”

“कोनं फाडलं?” रुखमाबाई म्हणाली आणि स्टूल घेऊन बाहेर आली.

पुढच्या तारखेला मी कोर्टात. रंगरावांच्या वकिलांनी मला बोटही लावलं नाही. मालकाची साक्ष संपल्यावर कागद उगवतो कसा, आता तो घेऊच नये, म्हणाले. निवृत्तीच्या वकिलांनी रुखमाबाईला पढवून ठेवलं होतं, पेटीच्या तळाशी सापडलं असं सांग. म्हणजे तिथंही त्या पेटीचाच मान! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. पण न्यायाधीशांनी विचारलं तेव्हा ती खरं तेच बोलली.

“साहेब, मयताचं कार्ड हाय. घरात कसं ठेवाचं? बाहीर पत्र्याखाली व्हतं.”

न्यायाधीशांनी माझा गंज पाहिला, पोस्टाचा शिक्का भिंग लावून पाहिला. कागद उशिरा आला हे खरं, पण मुद्दाम दडवलेला दिसत नाही, म्हणाले. “घ्यायचा की नाही हे माझ्यावर आहे, मी घेतो.” उशिराबद्दल निवृत्तीने समोरच्याचा त्या दिवसाचा खर्च द्यावा, आणि रंगरावांना पुन्हा साक्षीला उभं करावं.

रंगराव उभे राहिले. अक्षर माझं नाही, एवढंच म्हणा, असं वकिलांनी त्यांना सांगितलं होतं. त्यांनी मला हातात घेतलं. परवानगीची ओळ त्यांनी पाहिलीच नाही. खालचंच वाचत राहिले, इतका वेळ की कारकुनाने मान वर केली.

“अक्षर माहं हाय,” ते म्हणाले. “हे माह्या मायचं हाय. ह्याले नाही कसं म्हनू?”

दावा फेटाळला गेला. खोली निवृत्तीकडेच राहिली. जाताना रंगरावांनी कारकुनाजवळ चौकशी केली, ते कार्ड मले भेटन का? ज्याने दाखल केलं त्यानेच अर्ज करावा लागतो, असं उत्तर मिळालं.

तेव्हापासून मी रेकॉर्डच्या खोलीत आहे. मागच्या महिन्यात निवृत्ती आला, अर्ज करून भाडेचिठ्ठी परत घेऊन गेला. खोली वाचवली मी, आणि घरी गेली ती! अर्जात माझं नावसुद्धा नव्हतं.

निवृत्ती, आणखी एक अर्ज कर रे बाबा. मला तुझ्या घरात नको ठेवूस. जळगाव जामोदची एस.टी. धर आणि मला रंगरावांच्या हातात नेऊन दे.