बाजारातल्या बायका युद्ध बघायला निघाल्या

आमच्या बेटावर होनिआरा शहराच्या धक्क्याला प्रवासी जहाज लागलं की माझा धंदा सुरू होतो. धंदा म्हणजे काय, एक छत्री, एक पाण्याची बाटली आणि माझे दोन पाय. आधी मी शाळेत शिकवायचे. नंतर परदेशी पाहुण्यांना चालत चालत युद्ध दाखवायला लागले, दुसऱ्या महायुद्धात जपानी आणि अमेरिकन इथे लढले ते. कोणत्या टेकडीवर कोण मेलं, कुठली नदी कोणी किती वेळा ओलांडली, समोरच्या समुद्रात किती जहाजं तळाशी पडली आहेत, सगळं तोंडपाठ आहे. आमचं शहर वसलं तेच मुळी त्या युद्धाच्या छावण्यांवर.

माझी वाट मोठ्या बाजारावरून जाते. तिथे दाराशीच डोरकस बसते. पानात भाजलेल्या, कसाव्याच्या कंदाच्या जाड वड्या विकते. देह दांडगा, आवाज त्याहून दांडगा. मी पाहुण्यांची रांग घेऊन जाताना दिसले की ती हमखास ओरडणार, "आली बघा जोसिता! कोंबडी पुढे, पांढरी पिल्लं मागे!" सगळा बाजार हसायचा. पाहुण्यांना वाटायचं आपलं स्वागत चाललंय. तेही हात हलवायचे.

एकदा वादळामुळे जहाज आलंच नाही. मी डोरकसच्या फळीशी बसून वडी खात होते. ती सुपारीला चुना लावत म्हणाली, "काय गं, त्या लोकांना दाखवतेस तरी काय एवढं? उन्हात लालबुंद होऊन परत येतात, तरी खूश असतात."

"युद्ध दाखवते."

"ते संपून सत्तर वर्षं झाली. अजून शिल्लक आहे?"

"आहे की. नीट बघितलं तर पावलोपावली आहे."

"मग आम्हाला कधी नाही गं बोलावलंस!"

"तुम्हाला काय दाखवू? तुम्ही इथल्याच."

"म्हणूनच म्हणतेय." डोरकस आता चेष्टा करत नव्हती. "जगभरातले लोक येऊन आमचं अंगण बघून जातात. आम्ही तिथे रोज झाडू मारतो आणि आम्हाला ठाऊक नाही तिथे काय झालं. रविवारी बाजार बंद असतो. चर्च सुटलं की ने आम्हाला."

मला वाटलं, बोलली आणि विसरली. पण रविवारी दुपारी बाजाराच्या दाराशी गेले तर बायकांचा घोळका उभा. चर्चमधले फुलाफुलांचे झगे, पायात रबरी चपला, डोक्यावर छत्र्या. डोरकसच्या काखेत वड्यांची पिशवी. सगळ्यांच्या मागे थेक्लामावशी उभी होती. ती डोरकसच्या शेजारीच बसून रताळी आणि नेच्याची कोवळी पानं विकते. वय सत्तरीला टेकलेलं, अंगाने काटकुळी. बेटाच्या पश्चिम टोकाकडच्या गावातली. दिवसभरात चार वाक्यं बोलली तरी खूप.

"चला कोंबडीबाई," डोरकस म्हणाली, "पिल्लं काळी आहेत, चालतील ना?"

आधी मी त्यांना मातानिको नदीच्या मुखाशी नेलं. पोरं पुलावरून पाण्यात उड्या मारत होती. मी सांगितलं, याच वाळूवर जपान्यांचे रणगाडे एकामागून एक आले आणि पलीकडून अमेरिकनांनी ते फोडले.

"इथे?" एकजण म्हणाली. "इथे तर मी माझ्या नवऱ्याचे शर्ट आपटते."

"नवऱ्यालाही आपटत जा," दुसरी म्हणाली.

हसणं ओसरल्यावर मी आपल्या लोकांच्या मजूर पलटणीबद्दल सांगायला लागले. मलाइता बेटावरून आलेली पोरं छातीइतक्या पाण्यात उभी राहून जहाजांवरचा दारूगोळा उतरवत. वरून विमानं बॉम्ब टाकत, तेव्हा ती खड्ड्यात लपत आणि विमानं गेली की पुन्हा पेटी खांद्यावर घेत. कितीतरी त्यातच गेली. त्यांनी पेट्या वाहिल्या नसत्या तर कुणाच्याच बंदुकीत गोळी नसती.

डोरकस मलाइताची. ती पाण्याकडे बघत गप्प उभी राहिली. डोरकस गप्प, हे आम्ही पहिल्यांदाच बघत होतो.

"माझा आजा होता त्यांच्यात," ती म्हणाली. "बॉम्बने त्याचे कान गेले. आयुष्यभर ओरडून बोलायचा. आम्हालाही त्याच्याशी ओरडूनच बोलावं लागायचं."

"अस्सं! म्हणजे तुझ्या घशाला ते बॉम्ब जबाबदार!" कुणीतरी म्हणालं, आणि डोरकस सगळ्यांत मोठ्याने हसली. डोळे मात्र पुसत होती. मग तिने पिशवीतली एक वडी काढली, पानासकट नदीत सोडली आणि म्हणाली, "घे रे आजोबा. दमला असशील."

तिथून स्कायलाइनच्या टेकडीची चढण. बायका धापा टाकत, मला शिव्या घालत वर आल्या. वर अमेरिकनांचं मोठं स्मारक आहे. लाल दगडाच्या भिंती आणि त्यांवर कोरलेल्या लढाया. खाली सगळं शहर, पुढे समुद्र, आणि पश्चिमेला निळसर होत गेलेले डोंगर. मी जहाजांची माहिती सांगत होते. बायका भिंतींवरून हात फिरवत होत्या.

एवढ्यात थेक्लामावशी भिंतींकडे पाठ करून पश्चिमेकडे तोंड करून उभी राहिली. बोट दाखवून म्हणाली, "तो दुसरा डोंगर दिसतो ना, त्याच्या पायथ्याशी माझी आई युद्धात होती."

सगळ्या वळल्या. "तुझी आई? बंदूक घेऊन?"

"टोपली घेऊन," मावशी म्हणाली, आणि गवतावर बसली. आम्हीही बसलो.

तिच्या आईचं नाव पर्पेतुआ. तेव्हा पंधरा-सोळा वर्षांची. जपानी सैन्य किनाऱ्यावर उतरल्यापासून गाव रानात जाऊन राहिलं होतं. पर्पेतुआचा मोठा भाऊ, म्हणजे मावशीचा मामा, स्काउट होता. कुठे किती सैनिक आहेत हे बघून अमेरिकनांना कळवायचा. एके दिवशी त्याला समुद्रकाठी एक अमेरिकन वैमानिक सापडला. विमान पडलेलं, पाय मोडलेला, अंगात ताप. भावाने त्याला पाठीवर घेऊन रताळ्याच्या मळ्यावरच्या गुहेत आणून टाकलं आणि बहिणीला म्हणाला, "मी छावणीत खबर देऊन येतो. तोवर याला मरू देऊ नकोस."

"एवढंच सांगून गेला?" डोरकसने विचारलं.

"एवढंच. आणि बरेच दिवस आलाच नाही. वाटेत सगळीकडे सैनिक होते."

पर्पेतुआ रोज मळ्यात जायची, रताळी खणायची, टोपलीच्या तळाशी भाजलेला मासा आणि पाण्याची बांबूची नळी ठेवायची, वर रताळी पसरायची आणि गुहेत जायची. त्याच्या पायाला पाला बांधायची. तो तापात त्याच्या आईला हाका मारायचा. ती आपल्या भाषेत सांगायची, "आई नाही आलेली. मी आहे. खा."

एका सकाळी ती टोपली भरून उठली, तर समोर जपानी सैनिक. पाच-सहाजण. कपड्यांच्या चिंध्या, गालाची हाडं वर आलेली. तोवर त्यांची रसद तुटली होती, ते गवत आणि मुळं खाऊन दिवस काढत होते. त्यांच्या म्होरक्याने खुणा करून विचारलं, गोरा माणूस बघितलास? आकाशातून पडलेला? तिने मान हलवून नाही म्हटलं. त्याने संगिनीचं टोक टोपलीच्या काठाला लावलं. वरची रताळी उचलली असती तर खालचा भाजलेला मासा दिसला असता, आणि मळ्यात एकटी आलेली मुलगी एवढा मासा कुणासाठी नेतेय, हे कळायला वेळ लागला नसता.

"मग?" आम्ही सगळ्या एकदमच म्हणालो.

"मग आईने टोपली खाली ठेवली आणि स्वतःच्या हाताने वरची रताळी काढून एकेकाला द्यायला लागली. आधी म्होरक्याला. मग बाकीच्यांना. त्यांनी माती झटकली नाही, तसंच कच्चं खाल्लं. सगळ्यांत लहान होता तो खाता खाता रडायला लागला. आईने त्याला आणखी एक दिलं. टोपलीत आता रताळ्यांचा एकच थर उरला होता. आई सांगायची, मी मनात जपमाळ म्हणत होते. म्होरक्याने तिच्याकडे बघितलं, टोपलीकडे बघितलं, आणि मान लववून निघून गेला."

खालून एका मोटारीचा हॉर्न ऐकू आला.

"आई तिथे जरा वेळ बसली. मग पुन्हा नखांनी खणून टोपली भरली आणि गुहेत गेली. पुढे मामा आला. भर पावसात समोरचं काही दिसत नव्हतं, तेव्हा वैमानिकाला होडीत झोपवून दोघांनी वल्ही मारली आणि छावणीत पोचवला. त्याचा पाय वाचला. तोही वाचला."

"आणि तुझी आई?" मी विचारलं.

"मामाला पदक मिळालं. ते बरोबरच होतं, तो मोठा धीराचा. आईला कुणी विचारलं नाही. तीही कुणाला सांगायला गेली नाही. आम्हाला मात्र रताळी सोलताना सांगायची. म्हणायची, त्या दिवशी माझ्यासमोर दोन सैन्यं होती आणि दोघांनाही मीच जेवू घातलं."

डोरकसने मावशीच्या गुडघ्यावर थाप मारली. "मावशी! इतकी वर्षं माझ्या शेजारी बसतेस आणि हे मला आज सांगतेस?"

"तू बोलू कधी देतेस?" थेक्लामावशी म्हणाली.

टेकडी हादरेल असं हसलो आम्ही. मग डोरकस उठली, झगा झटकला आणि म्हणाली, "आता ते आपल्या स्काउटांचे पुतळे जिथे आहेत तिकडे चला. मला या बाईच्या मामाला भेटायचंय."

पुतळे धक्क्यालगत, पॉइंट क्रूझला आहेत. मी रोज तिथे शेवटी थांबते. त्या दिवशी बायका चौथऱ्याभोवती गोल उभ्या राहिल्या. कुणी आपल्या आजोबाचं नाव घेतलं, कुणी चुलत्याचं. थेक्लामावशीने चौथऱ्यावर हात ठेवला आणि मामाचं नाव घेतलं. मग थोडं थांबून, आवाज चढवून म्हणाली, "पर्पेतुआ." डोरकसने ते नाव आपल्या आवाजात पुन्हा उच्चारलं. धक्क्यावरची माणसं वळून बघायला लागली. कुणीतरी चर्चमधलं गाणं सुरू केलं. आमच्याकडे चार बायका जमल्या की चार सूर आपोआप लागतात. एका बसचा ड्रायव्हर बस थांबवून उतरला आणि खालच्या पट्टीत गायला लागला. इतकी वर्षं मी तिथे उभी राहून बोलले, पण त्या दिवशी मला बोलावंसं वाटलं नाही. मान ताठ करून मी नुसती गात होते.

पुढचं जहाज येणार त्याच्या आदल्या दिवशी मी मावशीच्या फळीशी गेले. "मावशी, उद्या माझ्या पाहुण्यांना तू सांगशील?"

"छे! मला इंग्रजी येत नाही."

"मी आहे ना."

"आणि माझी रताळी कोण विकणार?"

"मी विकते," डोरकस म्हणाली. "तू जा. नाही गेलीस तर मीच जाऊन सांगेन, आणि मी सांगितलं तर तुझ्या आईच्या हातात तोफ असेल."

मावशी आली. रविवारचा झगा, केसांत तांबडं फूल. स्कायलाइनच्या टेकडीवर वीसेक पाहुण्यांसमोर उभी राहिली. मग तिने पश्चिमेच्या डोंगरांकडे बघितलं आणि बोलायला लागली. मी वाक्यामागून वाक्य इंग्रजीत सांगत गेले. कॅमेरे खाली आले.

संपल्यावर एका अमेरिकन बाईने विचारलं, "त्या वैमानिकाने तुमच्या आईचे आभार मानले का?"

"मानले असतील," मावशी म्हणाली. "आईला इंग्रजी कुठे येत होतं!"

पाहुणे हसले. मग एक म्हातारे जपानी गृहस्थ पुढे आले. त्यांचा काका इथेच गेला होता, त्याची हाडंसुद्धा मिळाली नव्हती. ते हळू आवाजात म्हणाले, "त्या सैनिकांचं पुढे काय झालं, ठाऊक आहे?"

"नाही," मावशीने सांगितलं. "आई पुष्कळदा म्हणायची, तो लहान होता त्याला मिशीसुद्धा फुटली नव्हती. घरी पोचला असेल तर बरं."

मी ते सांगितल्यावर म्हातारबाबा तिच्यासमोर कमरेत खोल वाकले आणि तसेच राहिले. मावशी गोंधळली. माझ्याकडे बघितलं, मग पुढे होऊन तिने त्यांचे दोन्ही खांदे धरले आणि त्यांना उभं केलं, आपल्या घरातल्या माणसाला करावं तसं.

परतताना ती माझ्या पुढे चालत होती. एरवी बाजारात वाकून बसणारी ही बाई एवढी उंच आहे हे मला ठाऊक नव्हतं. दाराशी डोरकस सगळ्या बाजाराला ओरडून सांगत होती, "वाट सोडा! पर्पेतुआची लेक येतेय!" भाजीवाल्या, मासेवाल्या, पोरंटोरं बाजूला झाली आणि टाळ्या वाजवायला लागली. मावशीने मान खाली घातली नाही. त्या टाळ्यांमधून सरळ चालत आपल्या जागेवर जाऊन बसली, हात झग्याला पुसले आणि मला जवळ बोलावलं.

"पुढचं जहाज कधी?"

"पंधरा दिवसांनी. येशील?"

"येईन. पण तू जरा हळू सांगत जा गं. रताळी वाटण्याचा भाग फार घाईत उरकलास."