बाहेरची नटी

नऊवारीचा काष्टा आवळून आवळून गौरवी दमली, पण जानकीबाईंचं पोट काही सोळा वर्षांच्या नववधूचं होईना.

"टीचर, श्वास घेवंक जाता मगे?" तिनं विचारलं.

"मध्यंतरात घेतंय," बाई म्हणाल्या.

हसायला दोघींनाही आलं नाही. साठीला टेकलेल्या बाईनं नववधू व्हायचं आणि वयात आलेल्या पोरीनं तिचा काष्टा घालायचा, ही कुठली तऱ्हा? पण गावची रीत. उत्सवाच्या नाटकात पुरुष गावचे, नटी बाहेरची. ती थेट रंगीत तालमीला येणार, काम करणार, नारळ घेऊन जाणार. जानकीबाई तशाच तरुणपणी कुडाळहून आल्या. पुढे डिचोलीला बिऱ्हाड केलं, शाळेत नाटक शिकवलं, मये-पाळीकडची किती मुलं उभी केली. केस इथेच पिकले, तरी 'बाहेरची' काही पुसलं गेलं नाही.

यंदा त्यांनी हट्ट धरला होता, नववधू गौरवी करेल. स्पर्धांतून बक्षिसं मिळवलेली, त्यांच्या हाताखालची सगळ्यांत गुणी पोर. तिचे वडील कृष्णनाथबाब हेच उत्सव समितीचे प्रमुख, तेव्हा बाई त्यांच्याच घरी गेल्या. त्यांनी चहा दिला, खुर्ची दिली आणि लेकीविषयी शांतपणे सांगितलं, "टीचर, चेडू शिकलें, बरें जालें. पण देवळासमोर परक्या पुरुषाची बायल होवन आमचें चेडू उबें रावचें ना. तें काम तुमचें."

तें काम तुमचें! बाईंच्या अंगाचा तिळपापड झाला. आपणही कुणाची तरी लेकच ना? पण नाही म्हटलं तर दुसरी नटी यायला कितीसा वेळ? शेवटी त्यांनी एकच अट घातली, पडद्याआड प्रॉम्प्टिंगला गौरवी बसेल. पडद्याआड बसायला कुणाची ना नव्हती.

तिसऱ्या अंकात नववधूचं ते मोठं भाषण आलं. उभ्या जन्मात बाईंनी प्रॉम्प्टरकडे कान दिला नव्हता. त्यांची ख्यातीच तशी. त्या विंगेजवळच्या माइकपाशी आल्या आणि गप्प झाल्या.

गौरवीनं हळूच वाक्य दिलं. बाई गप्प. पुन्हा दिलं. पुढच्या रांगेत चुळबुळ झाली. तोंडाला पदर लावून बाई पुटपुटल्या, "मोठ्यान. सगळा म्हण."

गौरवीला कळलं. तिनं संहिता मिटली. "मी माहेरची नाही, सासरची नाही. ज्या उंबऱ्यावर उभी आहे, त्याची मी राखणदार," पडद्याआडून आवाज निघाला आणि मांडव चिडीचूप झाला. बाई नुसत्या उभ्या होत्या, पोरीच्या आवाजाला आपलं अंग देऊन. भाषण संपलं तेव्हा टाळ्या पडल्या. बाईंना वाटलं, आता तरी बापाला कळेल!

पडदा पडल्यावर कृष्णनाथबाब नारळ घेऊन रंगपटात आले.

"वय जालें टीचर, विसरप जाताच," ते मायेनंच म्हणाले. "आमच्या चेडवान सांभाळून घेतलें. फुडल्या वर्सा कोल्हापूरची नटी हाडूंया. प्रॉम्प्टिंगाक हें चेडू आसाच."

"बाबा, टीचर कायच विसरूंक ना..." गौरवी बोलू लागली. बाईंनी तिचा हात घट्ट दाबला. खरं कळलं तर उद्यापासून पोरीची तालीम बंद, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. उभ्या जन्माची कमाई गेली ती गेलीच, वर हातात काही आलं नाही. बाईंनी नारळ घेतला आणि कृष्णनाथबाब गेले.

गौरवी रडू लागली. बाईंनी खोबरेल तेलानं तोंडाचा रंग पुसला, काष्टा सैल केला आणि पेटीवर बसल्या.

"घाई केलंस," त्या म्हणाल्या. "'राखणदार'च्या आधी थांबाक व्हया. परत म्हण."

गौरवी डोळे पुसून उभी राहिली. बाहेर खुर्च्या एकात एक रचल्या जात होत्या.

"मी माहेरची नाही," तिनं सुरुवात केली.