वायरीवरचा चिमटा

माझी सून एक्स-रे काढते. तिच्या खोलीत एक शिस्त होती. कुठलंही संरक्षण बंद केलं की कपडे वाळत घालायचा चिमटा एप्रनला लावायचा आणि ते पुन्हा चालू केल्याशिवाय तो काढायचा नाही.

नवा कॉम्प्युटर आला आणि जुनं एक्स-रे मशीन त्यावर चालेना. हा कॉम्प्युटर आपल्या पोटात एक वेगळी कुलूपबंद खोली करतो आणि तिथून प्रत्येक ड्रायव्हर, म्हणजे मशीन चालवणारा छोटा प्रोग्राम, तपासतो. जुना ड्रायव्हर त्याला पटेना. मशीनवाल्याने फोनवर सांगितलं, तपासणी तेवढी बंद करा, नवा ड्रायव्हर पाठवतो, मग चालू करा. बाहेर पेशंट ताटकळत होते. सुनेने ती बंद केली आणि चिमटा लावला.

नवा ड्रायव्हर काही येईना. तपासणी चालू केली की मशीन हटून बसे. शेवटी तिने चिमटा एप्रनवरून काढून मॉनिटरच्या वायरीला अडकवला. पुढे पुढे तो तिला दिसेनासा झाला.

मग एका पेशंटने दुसरीकडे काढलेले एक्स-रे पेन ड्राइव्हवर आणले, आणि त्यातून व्हायरस शिरला. दुपारपर्यंत कॉम्प्युटरमधल्या सगळ्या एक्स-रेंना कुणीतरी कुलूप घातलं होतं, एकही उघडेना. बॅकअपची डिस्क कायम जोडलेलीच असायची, तीही गेली. दुरुस्तीवाली म्हणाली, तपासणी चालू असती तर चोराला एवढं रान मोकळं मिळालं नसतं. निदान डिस्क तरी काढून ठेवायची.

त्याच सुमारास माझ्या धाकट्या भावाच्या फुप्फुसावर डाग दिसला. सर्जनला जुना एक्स-रे हवा होता. डाग तेव्हाही एवढाच असेल तर हात लावायचा नाही. नवा असेल तर थांबण्यात धोका. तो जुना एक्स-रे सुनेनेच काढलेला, आणि त्याच कुलपात अडकलेला.

भावाने तिला विचारलं, "तुला आठवतंय का गं, होता का डाग?"

"रोज इतक्या छात्या बघते, काका. खोटं कसं सांगू?"

"बरं. मग उघडूनच बघू देत. आत घबाड सापडलं तर निम्मं तुझं."

ती हसली नाही.

ऑपरेशन झालं. डाग जुनाच निघाला, कधीतरी होऊन गेलेल्या दुखण्याचा व्रण. फुप्फुसाचा तुकडा मात्र गेला, जखम चिघळली, आणि भाऊ आता ऑक्सिजनच्या नळीवाचून खाटेवर उठूनही बसू शकत नाही.

परवा सून एप्रन न काढताच घरी आली. चिमटा एप्रनला होता. मी म्हटलं, नवा ड्रायव्हर आला ना, तपासणी चालू केलीस ना, मग काढ आता तो.

"ती चालू आहे, बाबा," ती म्हणाली, आणि तशीच भावाच्या खोलीत गेली.