कुणीच हात न लावलेला लॅपटॉप

बंद पडलेला लॅपटॉप घेऊन येणारा माणूस तोंड उघडल्यावर काय म्हणणार, हे आत्याला पाठ झालं होतं. "काही केलं नाही हो, आपोआप बंद पडला." कीबोर्डखाली चहाचा चिकटा असतो, एक कोपरा आपटून चेपलेला असतो, आणि समोरचा साळसूद चेहऱ्याने सांगत असतो, आपोआप. आत्याने वाद घालणं केव्हाच सोडलं होतं. ती मान डोलवायची, स्क्रू काढायची आणि आत काय सांडलंय ते स्वतःच बघायची.

पण आज सकाळी ते वाक्य तिचा सख्खा मोठा भाऊ बोलला, आणि दुकानाचं शटर पुरतं वर जायच्या आत तिचं डोकं फिरलं.

दुकान जिन्याच्या पहिल्या वळणावर होतं. खाली झेरॉक्सवाला, वर शिंपी, मध्ये ही. बाजारात सगळे तिला मॅडम म्हणत. आत्या ती एकाच मुलीची, आणि दादाने टेबलावर ठेवलेला लॅपटॉप त्याच मुलीचा होता. कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला तिने एक छोटी अ‍ॅनिमेशन फिल्म केली होती, वर्षभर एकेक चित्र काढून. आज दुपारी ती परीक्षकांपुढे दाखवायची होती.

"दुसरीकडे कॉपी नाही का ठेवली?" आत्याने विचारलं.

"आहे म्हणे, जुनी. अर्धीच."

आत्याने कपाळाला हात लावला. या जातीच्या पातळ लॅपटॉपमध्ये फायली ठेवणारी चिपसुद्धा मदरबोर्डवरच डाखलेली असते. ती काढून दुसऱ्या मशिनला लावायची सोय नाही. बोर्ड सुरू झाला तर फिल्म, नाही तर वर्ष पाण्यात.

"नीट सांग. पाणी सांडलं?"

"नाही."

"पडला कुठे?"

"नाही गं."

"कुणी उघडला होता?"

"कोण उघडणार? आमच्या घरात कुणाला येतं ते?" दादाने स्टूल ओढून घेतलं आणि ऐसपैस बसला. "मी सांगतो काय झालंय. पोरगी गादीवर ठेवून चालवते. तासन्‌तास. खालून हवा जात नाही, तापतो. किती वेळा सांगितलं. जळला असणार तापून. काल मी चांगलं झापलं तिला."

"रडतेय?"

"परवापासून रडतेय. रडू दे. त्याशिवाय कळत नाही या पोरांना."

आत्याने चार्जर तपासला, चांगला होता. मागचे स्क्रू बघितले, जिथल्या तिथे होते. झाकण काढलं. आत कुठे डाग नाही, गंज नाही, जळका वास नाही. बॅटरीची वायर सोडवून तिने बोर्डला आपल्या टेबलावरच्या सप्लायने वीज दिली. आकडा क्षणभर उसळला आणि सप्लाय स्वतःच बंद पडला. म्हणजे कुठेतरी शॉर्ट होता. वीज आत शिरल्या शिरल्या सरळ जमिनीत पळत होती, बोर्डाच्या वाट्याला काहीच येत नव्हतं.

"बॅटरीच असेल," दादा म्हणाला.

"बॅटरी काढून ठेवलीय, दादा."

"मग चार्जर."

"चार्जर चांगला आहे."

"नाही, मी आपलं सांगतोय."

दादा मोठ्या कंपनीत साहेब होता, त्यामुळे स्टुलावर बसूनसुद्धा त्याला उंटावरून शेळ्या हाकता येत. तापून जळला म्हणतोय तर चार्जरजवळचे कपॅसिटर आधी बघू, असं ठरवून आत्याने तिथला एक गरम हवेने उचलला. शॉर्ट तसाच. शेजारचा उचलला. तसाच. दोन्ही चांगले निघाले. मोहरीएवढे ते दोन जीव परत जागेवर बसवताना ती पुटपुटत होती. बोर्डाला विचारायचं सोडून आपण दादाचं ऐकत बसलो, याचा तिला स्वतःचाच राग आला होता.

खरं तर दादाच्या बोलण्यावर विश्वास ठेवायला ती काही कालची पोर नव्हती.

लहानपणी घरात स्क्रूड्रायव्हर असायचा तिच्या हातात, आणि वस्तू मोडायच्या दादाच्या हातून. गजराचं घड्याळ, इस्त्री, रेडिओचं बटण. दादाचं ठरलेलं उत्तर, मी हातच लावला नाही. मग वडिलांची, म्हणजे अप्पांची, नजर आपोआप तिच्याकडे वळायची, कारण खोलाखोलीची आवड तिला. सगळं खापर तिच्या माथी. रडून काही होत नाही हे लवकरच कळल्यावर तिने दुसरा मार्ग काढला. अप्पा कामावरून घरी यायच्या आत मोडलेली वस्तू दुरुस्त करून जागेवर ठेवायची. पहिल्यांदा घड्याळ जमलं, मग इस्त्री. लोक तिला विचारत, मॅडम, हे शिकलात कुठे? ती एका क्लासचं नाव सांगायची. शिकली होती ती दादाच्या तोडफोडीवर.

आता मात्र तिने दादाला तोंड मिटून बसायला सांगितलं आणि पद्धतीने काम सुरू केलं. शॉर्ट असलेल्या लाइनवर अगदी कमी व्होल्टची वीज सोडली आणि सगळ्या बोर्डावर ब्रशने स्पिरिट फासलं. बिघाडाची जागा गरम होते आणि तिथलं स्पिरिट आधी उडतं, एवढं साधं तंत्र. ती मायक्रोस्कोपला डोळे लावून बसली.

स्पिरिट उडालं, पण भलत्याच जागी. तिथे ना चिप होती, ना कपॅसिटर. नुसता हिरवा बोर्ड, आणि शेजारी स्क्रूचं एक भोक. तिने ब्रश पुन्हा फिरवला. पुन्हा तिथूनच उडालं. मग तिने बोर्ड उलटा करून भिंग जवळ आणलं, आणि तिला दिसली ती भोकाच्या कडेला पडलेली खोक. स्क्रूचे आटे हिरव्या थरातून खाली घुसले होते आणि आतले तांब्याचे दोन थर एकमेकांत चेंगरून टाकले होते.

ही खोक एकाच गोष्टीने पडते. मधल्या भोकात आखूड स्क्रू लागतो. तिथे कुणीतरी लांब स्क्रू घातला, तो बसेना म्हणून जोर लावला, आणि बोर्ड फोडला.

पण आत्ता तर त्या भोकात आखूडच स्क्रू होता. तिने स्वतः काढला होता. म्हणजे बंद पडल्यावर त्या कुणीतरी लॅपटॉप दुसऱ्यांदा उघडला, चूक बघितली, स्क्रूंची अदलाबदल करून सगळं होतं तसं लावलं आणि हात झटकले. आणि मग कदाचित पोरीला झापायला गेला.

आत्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"दादा, हा उघडला होता."

"कुणी?"

"ते तू सांग."

"मी काय सांगू? मी हात लावला नाही."

"लांब स्क्रू चुकीच्या जागी घालून वर जोर लावलाय. नंतर बदललाय. मला फक्त एवढंच सांग, त्यानंतर चार्जर लावून किती वेळ ठेवला होता? आत अजून काय काय गेलंय ते मला कळायला हवं. पोरीची फिल्म आहे त्यात."

दादाने खिशातून रुमाल काढला, चष्मा पुसला. "कंपनीतूनच आला असेल तसा," तो म्हणाला.

"वर्षभर चालला की तो."

"मग मला माहीत नाही बाई. तू काय ते बघ ना. तुला येतं."

तुला येतं. आत्याने दात आवळले. हे दोन शब्द ती आयुष्यभर ऐकत आली होती, आणि प्रत्येक वेळी ते कौतुकासारखे ऐकू यायचे. तिला वाटलं, लॅपटॉप असाच्या असा उचलून त्याच्या मांडीवर ठेवावा आणि म्हणावं, जा, घाल तुझ्या पोरीच्या पुढ्यात. पण नुकसान पोरीचं झालं असतं, दादाचं नव्हे. तिने पुन्हा भिंगात डोकं घातलं.

पुढचं काम जीव मुठीत धरून करायचं होतं. टोकदार पात्याने खोकेची कड केसाकेसाने खरवडायची, चेंगरलेलं तांबं वेगळं करायचं, आणि खालचा चांगला थर कापला जाता कामा नये. दादाने मध्ये एकदा "होईल ना?" विचारलं. तिचं पातं थांबलं नाही. तो उठून दारापर्यंत जाऊन आला, परत बसला, परत उठला. त्याचा चेहरा उतरला होता हे तिला न बघताही कळत होतं, आणि त्याचाही तिला राग येत होता. काळजी करायला येतं, मग दोन शब्द बोलायला काय होतं?

शेवटी मल्टिमीटरची शिट्टी थांबली. शॉर्ट गेला होता. एक बारीक रेघ मात्र तुटलेली निघाली. ती तिने केसासारख्या तारेने जोडली, वरून रोगण लावून सुकवलं आणि सप्लाय चालू केला. आकडा थोडा वर गेला, थांबला, मग हळूहळू चढायला लागला. पंखा फिरला. पडदा उजळला.

आत्याचा जीव भांड्यात पडला. तिने आधी पेन ड्राइव्ह लावून फिल्म कॉपी करायला टाकली आणि मगच पाणी प्यायली.

तेवढ्यात जिन्यावर धावती पावलं वाजली. दादाने फोन केला असावा. पोरगी दारात आली ती डोळे सुजलेली, केस कसेतरी बांधलेली. पडद्यावर आपली फाइल कॉपी होताना बघून तिने आत्याला घट्ट मिठी मारली.

"सॉरी आत्या. माझ्यामुळेच झालं सगळं. बाबा सांगत होता गादीवर नको ठेवू म्हणून. मी ऐकलं नाही."

आत्याने तिच्या खांद्यावरून दादाकडे बघितलं. दादा भिंतीवरची दरांची पाटी वाचत होता.

"असू दे," तो भिंतीकडे बघतच म्हणाला. "झालं ना सुरू? पुढे लक्षात ठेवायचं म्हणजे झालं."

आत्याच्या ओठांवर सगळं आलं होतं. पण ती सांगणार, तो नाही म्हणणार, आणि परीक्षेच्या दिवशी पोरगी दोघांच्या मध्ये लोंबकळणार. फिल्म कॉपी झाली तशी तिने लॅपटॉप बंद केला, बॅटरी जोडली, आणि झाकण, स्क्रूंची वाटी, स्क्रूड्रायव्हर असं सगळं दादापुढे सरकवलं.

"झाकण तू लाव."

"मी? मला काय येतं?"

"येईल. माझे हात आखडलेत. लाव."

पोरगी बघत होती, म्हणून त्याला नाही म्हणता आलं नाही. त्याने कडेचा एक स्क्रू लावला, दुसरा लावला. मग वाटीतून एक उचलून मधल्या भोकापाशी नेला आणि त्याचा हात थबकला. तो स्क्रू त्याने डोळ्यांजवळ धरून बघितला. लांब होता. त्याने तो गुपचूप वाटीत टाकला, शोधून आखूड काढला आणि हलक्या हाताने, जराही जोर न लावता, बसवला.

"तुला कसं कळलं रे बाबा," पोरगी म्हणाली, "की तिथे छोटा लागतो?"

अंदाजाने, असं तो म्हणणार याची आत्याला खात्री होती. दादाने आधी उरलेले सगळे स्क्रू लावले. मग त्याने स्क्रूड्रायव्हर खाली ठेवला.

"मागच्या वेळी चुकलो होतो," तो म्हणाला. "मीच उघडला होता. आतल्या पंख्याचा आवाज येत होता ना तुझ्या लॅपटॉपच्या. म्हटलं, तुझी फिल्म दाखवायची आहे, साफ करून द्यावा. व्हिडिओ बघून केलं."

आत्या ऐकतच राहिली. एवढी वर्षं ज्या वाक्याची तिने वाट बघितली, ते आलं एकदाचं, आणि तेही तिच्यासाठी नाही, पोरीसाठी. तिला बरंही वाटलं आणि तिचा तिळपापडही झाला.

पोरगी मात्र हसली नाही. सुटल्यासारखं तिच्या चेहऱ्यावर काही दिसलं नाही.

"म्हणजे तुला माहीत होतं," ती म्हणाली. "काल मला बोलत होतास, तेव्हा तुला माहीत होतं."

दादाने आत्याकडे बघितलं. लहानपणी अप्पांची सायकल दाराशी वाजली की तो असाच बघायचा.

जाऊ दे गं, मदतच करायला गेला होता तो, असं सगळं वाक्य आत्याच्या जिभेवर तयार होतं. अशी वाक्यं तिने जन्मभर वेळेवर पुरवली होती. घड्याळ दुरुस्त केलं, इस्त्री दुरुस्त केली, म्हणून तर दादाला कधी कुणाला उत्तर द्यावं लागलं नव्हतं. तिने मायक्रोस्कोपचा दिवा बंद केला, पात्याला टोपण लावलं, आणि काही बोलली नाही.

पोरगी लॅपटॉप छातीशी धरून बापासमोर उभी होती, उत्तराची वाट बघत.