कबीरचा फोन

वायफाय रखडत चाललं होतं. शेजारचं कुणीतरी फुकट वापरत असणार म्हणून मी राउटरचं पान उघडलं, काय काय जोडलंय ते बघायला. माझा लॅपटॉप, माझा फोन, अन्वीचा टॅब. आणि त्याखाली ‘कबीरचा फोन’.

मी पान पुन्हा उघडलं. नाव तिथेच.

कबीर माझा नवरा. हॅम्बर्गला असतो. त्याला सोडून मी आठ वर्षांच्या अन्वीला घेऊन इथे स्टुटगार्टला आले, तेव्हा तो म्हणाला होता, “एक दिवस हिला उचलून पुण्याला नेईन, मग बस रडत.” पत्ता मी त्याला दिला नव्हता. पण राउटर माझ्या पगारातला, त्याला कशाला ठेवू? रागारागात उचलून आणला. नाव तेच, पासवर्ड तोच. त्याचा फोन जवळ येताच आपसूक जोडला गेला. आणि मी म्हणे नेटवर्क इंजिनिअर! दिव्याखाली अंधार, दुसरं काय.

आमचं वायफाय फार तर समोरच्या फुटपाथपर्यंत पोचतं. म्हणजे तो खालीच कुठेतरी होता.

आईला फोन लावला. “अगं, मीच दिला पत्ता,” आई खुशीत म्हणाली. “अधिक महिना आहे, जावयाला अनारशांचं वाण नको द्यायला? पार्सल तुझ्याकडे पाठवलंय. त्यांना म्हटलं, जाऊन घ्या, त्या निमित्ताने दोघं बोला. भांड्याला भांडं लागायचंच, विभा.”

“आई, तो अन्वीला न्यायला आलाय!”

“काहीतरीच तुझं! बाप आहे तो तिचा.”

मी फोन आपटलाच. मग पोलिसांना लावला. पलीकडची बाई म्हणाली, दार लावून घ्या, गाडी पाठवतो. दाराला दोनदा किल्ली फिरवली आणि शाळेला फोन केला, अन्वीला सोडू नका म्हणून. “ती तर केव्हाच निघाली,” तिथून उत्तर आलं. “आज हिट्झेफ्राय ना, उकाड्याची सुट्टी.”

देवा रे! इथली मुलं शाळेतून एकटीच चालत येतात.

लॅपटॉपकडे नजर गेली. यादीत नवीन नाव आलं होतं, ‘अन्वीचं घड्याळ’.

किल्ली उलटी फिरवून दार उघडलं. कसल्या चपला! मी अनवाणी जिना उतरले. रस्त्याच्या कडेला टॅक्सी, तिचं दार उघडं, आणि कबीरच्या हातात अन्वीचा हात. ती खुशीत ओरडली, “मम्मा, वीअर फ्लीगन त्सू आजी!” विमानाने आजीकडे निघाली होती पोरगी.

“वर जा, विभा,” कबीर हळूच म्हणाला. “तमाशा नको.”

मी अन्वीचा दुसरा हात पकडला. त्याने ओढलं, मीही ओढलं. अन्वी रडायला लागली. दुखतंय, सोड, असं जर्मनमध्ये किंचाळली, आणि बघत होती माझ्याकडे. त्याच्याकडे नाही, माझ्याकडे.

मी सोडलं नाही.