शिट्टीनंतरचा तुकडा

सिंहिणीच्या पिंजऱ्याची चावी एकवीस वर्षं मामांच्या कमरेला होती. प्राणिसंग्रहालयात सगळेच त्यांना मामा म्हणत आणि मामा सिंहिणीला म्हातारी म्हणत. दोघांच्याही गुडघ्यांनी एकाच वर्षी संप पुकारला होता.

म्हातारीला त्यांनी एक गोष्ट शिकवली होती. हाक मारली की यायचं, गजांना अंग लावून बसायचं आणि खालच्या फटीतून शेपटी बाहेर द्यायची. डॉक्टरबाई शेपटीतून रक्त घेत. सुई निघाली की मामा शिट्टी फुंकत आणि लगेच मांसाचा तुकडा आत जाई. शिट्टीआधी शेपटी ओढून घ्यायची नाही, हे तिच्या गळी उतरवायला दोन वर्षं गेली. त्याआधी लांबून भुलीचा बाण मारत. एकदा ती अशी बिथरली की भिंतीवर आपटून सुळाच तुटला.

गेल्या महिन्यात म्हातारी अर्धं मांस तसंच टाकू लागली. मामांनी वहीत मात्र रोज 'सगळं खाल्लं' असं लिहिलं आणि उरलेलं तरसांना घातलं. कारण खाणं सुटलेल्या म्हाताऱ्या जनावरांची साहेब यादी करत आणि त्या यादीतून वाचलेलं एकही जनावर मामांनी पाहिलं नव्हतं. रक्त घ्यायचा दिवस आला तेव्हा "आज तिचं डोकं ठिकाणावर नाही" म्हणत त्यांनी डॉक्टरबाईंना वाटेला लावलं. वय झालंय, दुसरं काय, अशी स्वतःचीही समजूत घातली.

काल ती चालताना कोलमडली, तेव्हा कुठे रक्त तपासलं गेलं.

"मूत्रपिंडं पार गेलीत, मामा," आज सकाळी डॉक्टरबाई म्हणाल्या. "महिनाभर आधी कळतं तर औषधांवर वर्षभर तरी काढलं असतं तिनं. पण वहीत तर सगळं खाल्लंय."

"वही खोटी आहे. मीच लिहिलंय तसं."

डॉक्टरबाईंनी वही मिटून बाजूला ठेवली. चार शिव्या घातल्या असत्या तर मामांना सोसलं असतं.

"फार हाल होतायत तिचे," त्या म्हणाल्या. "आजच संपवायला हवं. मी बाण मारते. तुम्ही थांबू नका."

"बाण नको. मी बोलावतो तिला."

मामांनी हाक मारली, "ये गं बाई." म्हातारी वाटेत दोनदा बसली, पण आली. गजांना टेकली आणि तिनं शेपटी बाहेर दिली. मामांनी ती दोन्ही हातांनी धरली. भुलीची सुई आत गेली, बाहेर आली. मामांच्या तोंडात शिट्टी होती, पण फुंकायला श्वासच येईना. म्हातारी शेपटी तशीच ठेवून, मान वळवून त्यांच्याकडे बघत राहिली.

मग त्यांनी शिट्टी फुंकली. तुकडा आत सरकवला. तिनं तो तोंडात घेतला आणि हळूहळू डोकं खाली टेकवलं. दुसऱ्या सुईच्या वेळी शिट्टीची गरज पडली नाही.

दुपारी मामांनी वही उघडली. आजच्या तारखेपुढे त्यांनी लिहिलं, 'एक तुकडा घेतला. गिळला नाही.'