लिटरभर पुरे

लाँड्रीत दिवसभर इस्त्री फिरवून घरी आले की माझे पाय माझे राहत नाहीत. त्यात लेक वही घेऊन दारातच उभी. शाळेत गणितात असमानता चालू आहे म्हणे. म्हटलं, ती शिकायला शाळेत कशाला जायला हवं, घरी काय कमी आहे?

"आई, घरातलंच उदाहरण मांडायचंय. मी आजोबांचं पाणी घेतलं."

बाबांचं हृदय थकलंय. इस्पितळातून सोडताना डॉक्टर मला आणि दादाला म्हणाले होते, "पाणी दिवसाला लिटरभर पुरे." तेव्हापासून दिवसा दादा बघतो, संध्याकाळपासून मी. तो रात्रपाळीचा पहारेकरी, मी आले की निघतो. मी बाबांना घोट घोट देते, तेही डोळे वटारून. तरी त्यांचे पाय सुजतच चाललेत, बसल्या जागी धाप लागते. आणखी सूज आली तर पुन्हा भरती करावं लागेल, डॉक्टर म्हणालेत. कुठे पाणी मुरतंय तेच कळेना.

लेक वाचायला लागली. "चहा-दुधाचे दोनशे मिली. पेला दीडशेचा. दोनशे अधिक दीडशे क्ष, हजारापेक्षा लहान किंवा बरोबर. म्हणजे जास्तीत जास्त पाच पेले."

दादा बुटाची नाडी बांधत होता. "चिन्ह उलटं काढलंस गं," तो म्हणाला. "मोठं किंवा बरोबर. कमीत कमी सहा. जास्त गेलं तर बरंच. मी आठसुद्धा पाजतो."

मी पिशवी खाली ठेवली. "दादा, डॉक्टर काय म्हणाले होते?"

"लिटरभर पुरे. म्हणजे तेवढं तरी पुरं व्हायलाच हवं ना?"

मग मात्र माझा तोल गेला. अक्कल गहाण टाकलीस का, बापाला मारतोस का, तोंडाला येईल ते बोलले. दादा एका पायात बूट घालून तसाच बसून राहिला. त्याचे डोळे भरून आले.

"त्याला बोलू नकोस," खाटेवरून बाबा म्हणाले. "डॉक्टरांचं मला बरोबर समजलं होतं. मी आजारी होतो, बहिरा नव्हतो."

"मग गप्प का बसलात?"

"तहान लागते गं. तो आपणहून देतो." जरा दम खाऊन म्हणाले, "तुझ्याकडे मागायची भीती वाटते."

लेक पेन्सिल धरून माझ्याकडे बघत होती. तुझंच बरोबर आहे, तिला म्हटलं. मग दादाला विचारलं, आज किती झाले?

"आठ," तो खाली मान घालून म्हणाला.

मी बाबांच्या पायाशी जाऊन बसले. सुजलेल्या पायावर बोट दाबलं तर खळगा तसाच राहिला. अख्खी रात्र पुढे होती. बाबांनी ओठांवरून जीभ फिरवली आणि पहिल्यांदाच, हळूच, माझ्याकडे पाणी मागितलं. आणि मला नाहीच म्हणावं लागलं.